पडद्याला आई हवी, म्हातारी नको

मराठी चित्रपटात आणि दूरचित्रवाणीवर वयस्क स्त्रीचे दिवस पालटले, असे विधान अलीकडे वारंवार कानी येते. सभासंमेलनांत ते ऐकू येते, रविवारच्या पुरवण्यांत छापून येते आणि आता आपल्या घरांतूनही मोठ्या समाधानाने बोलले जाते. दाखले हाताशी असतात. २०१९ साली 'अग्गंबाई सासूबाई' या मालिकेत निवेदिता सराफ यांनी रंगवलेली आसावरी ही विधवा सासू सुनेच्या पुढाकाराने पुन्हा बोहल्यावर चढली. २०२१ साली 'झिम्मा'तल्या बायका घरदार मागे ठेवून इंग्लंडच्या सहलीला गेल्या. २०२३ साली 'बाईपण भारी देवा'तल्या सहा बहिणींनी मंगळागौरीच्या स्पर्धेत फेर धरला आणि गावोगावच्या स्त्रियांनी जथ्याजथ्याने चित्रपटगृहे भरून टाकली. यापुढे आणखी काय हवे, असा प्रश्न विचारला जातो.

याउलट, या मालिकांनीच घरे बिघडवली, सासवांना सुनांविरुद्ध आणि सुनांना सासवांविरुद्ध उठवले, असे म्हणणारा दुसरा पक्ष आहे. आमच्या धर्मग्रामांतील अनेक सज्जन या दुसऱ्या पक्षात आहेत, हे आम्ही जाणतो. आम्ही मात्र दोन्ही पक्षांत नाही. पहिला पक्ष फार लवकर टाळ्या वाजवतो, आणि दुसरा पक्ष ज्याला रोग समजतो ते केवळ रोगाचे लक्षण आहे.

आमचे म्हणणे थोडक्यात असे, की पडद्याला वयस्क स्त्रीचे नाते हवे असते, तिचे वय नको असते. आई हवी, सासू हवी, आजी हवी. पण म्हातारी नको. आणि ज्या स्त्रीचे वय नाकारले, तिचे आयुष्यही नाकारले जाते. 'म्हातारी' हा शब्द आम्ही जाणूनबुजून वापरीत आहोत. त्यात अनादर नाही. अनादर आहे तो हा शब्द उच्चारायला लाजणाऱ्यांच्या मनात.

प्रथम वयाचा हिशेब मांडू. सुलोचनाबाईंचा जन्म १९२८चा आणि नूतन यांचा १९३६चा. तरीही १९५९ सालच्या 'सुजाता'त सुलोचनाबाई नूतन यांना वाढवणारी आई झाल्या. तेव्हा त्यांचे वय अवघे एकतीस होते. राखी या १९८१ साली 'बरसात की एक रात'मध्ये अमिताभ बच्चन यांच्या नायिका होत्या आणि पुढच्याच वर्षी 'शक्ती'मध्ये त्यांच्या आई होत्या. वस्तुतः त्या बच्चन यांच्याहून वयाने लहान. १९९० सालच्या 'अग्निपथ'मध्ये रोहिणी हट्टंगडी त्याच नटाच्या आई झाल्या; त्याही त्याच्याहून लहानच. रीमा लागू यांचा जन्म १९५८चा आणि संजय दत्त यांचा १९५९चा. पण १९९९ सालच्या 'वास्तव'मध्ये एका वर्षाने मोठी बाई त्यांची जन्मदात्री झाली.

कोणी म्हणेल की अभिनय म्हणजेच सोंग, त्यात वय कशाला मोजायचे? १९८४ सालच्या 'सारांश'मध्ये ऐन तारुण्यातल्या रोहिणीबाई आणि अनुपम खेर यांनी वृद्ध प्रधान दाम्पत्य किती सच्चेपणाने उभे केले! हे आम्हांस मान्य आहे. पण सोंग दोन्ही बाजूंनी सारखे घेतले जाते काय? पन्नाशी उलटलेल्या नटाला विशीतली नायिका मिळते आणि तिशीतल्या नटीला त्याच पिढीतल्या पुरुषाची आई व्हावे लागते. याला अभिनयाची लवचीकता म्हणत नाहीत, बाजाराचा नियम म्हणतात. तो नियम असे सांगतो, की पुरुषाचे वय वाढले की त्याचे वजन वाढते आणि स्त्रीचे वय वाढले की तिची जागा बदलते. शिवाय आईची जागाही तरुण स्त्रीने अडवल्यावर खऱ्या साठीतल्या आणि सत्तरीतल्या अभिनेत्रीने जायचे कुठे?

आता दुसरा मुद्दा. पूर्वीचे सारे जुनाट आणि आताचे सारे पुढारलेले, अशी या विषयातली समजूत आहे. ती तपासून घेतली पाहिजे. येवल्यात जन्मलेल्या ललिता पवार या नायिका होत्या. १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या एका थपडेने त्यांचा चेहरा लुळा पडला, डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली आणि नायिकेची वाट बंद झाली. पुढे त्या खाष्ट सासू म्हणून घराघरात गाजल्या आणि १९८७ साली सुरू झालेल्या 'रामायण' मालिकेत सत्तरी ओलांडल्यावर मंथरा झाल्या. इतके सर्वांना आठवते. पण याच ललिताबाईंनी १९५५ सालच्या 'श्री ४२०'मध्ये केळी विकणारी गंगामाई केली आणि १९५९ सालच्या 'अनाडी'मध्ये मिसेस डिसा ही घरमालकीण केली, ज्या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

मिसेस डिसा आपल्या वाचकांना विशेष जवळच्या वाटाव्यात. ही ख्रिस्ती बाई नायकाची नात्याने कोणीही नाही. ती खोली भाड्याने देते, भाड्यासाठी कडकड बोलते, रागावते आणि त्या रागामागून माया करते. शेवटी ती मरते ती धनिकाच्या कारखान्यातल्या सदोष औषधाने. तिच्या मरणावर सगळ्या कथेचा न्याय उभा राहतो. तिला स्वतःचे घर आहे, स्वतःची मिळकत आहे, स्वतःचा देव आहे आणि स्वतःचा तिखट स्वभाव आहे. १९७३ सालच्या 'बॉबी'मध्ये दुर्गा खोटे यांनी मिसेस ब्रगांझा केली. तीही धनिकाच्या घरी मूल सांभाळून पोट भरलेली ख्रिस्ती आजी. हिंदी चित्रपटाने ख्रिस्ती समाजाची अनेकदा थट्टा केली, दारूच्या बाटलीशिवाय त्याला ख्रिस्ती माणूस सुचला नाही, ही आपली जुनी तक्रार रास्तच आहे. परंतु कष्टाची भाकरी खाणारी स्वाभिमानी वृद्धा रंगवायची झाली तेव्हा त्याला दोनदा आपल्या घराकडे पाहावेसे वाटले, हेही नोंदवले पाहिजे.

त्याच काळात मराठी चित्रपटात 'मोलकरीण' आला. १९६३ सालच्या या चित्रपटात सुलोचनाबाईंची आई स्वतःच्याच मुलाच्या घरी मोलकरीण होऊन राहते. आईच्या त्यागाचे हे उदात्तीकरण आम्हांस आज खुपते. तिने तोंड उघडावे, हक्क सांगावा, असे वाटत राहते. तरीसुद्धा त्या बाईच्या हातात काम होते आणि त्या कामाची लाज चित्रपटाला नव्हती. जुन्या वृद्धेला इच्छा नव्हती, पण काम होते. आजच्या वृद्धेला इच्छा मिळाली, पण तिचे काम गेले. एक हाताने दिले आणि दुसऱ्या हाताने काढून घेतले, असा हा व्यवहार आहे.

काम गेले कुठे? ते दिवाणखान्यात हरवले. १९८४ साली दूरदर्शनवर 'हम लोग' सुरू झाली, तेव्हा सुषमा सेठ यांची दादी लोकांना इतकी आवडली की कर्करोगाने जायची ती आजी प्रेक्षकांच्या आग्रहास्तव बराच काळ जगवावी लागली. लोकांना म्हातारे माणूस पाहायला आवडत नाही, असे निर्माते सांगतात. त्यांना आम्ही या दादीची आठवण देऊ इच्छितो. ते घर ओढगस्तीचे होते. १९८८ सालची 'वागळे की दुनिया' सामान्य कारकुनाच्या घरातली होती, आणि तिची निर्मिती ज्या संस्थेची होती ती होती वृद्ध दुर्गाबाई खोटे यांची. मग उपग्रह वाहिन्या आल्या. २००० साली 'क्योंकि सास भी कभी बहू थी' सुरू झाली आणि घराला संगमरवरी जिना आला. जिना आला तेव्हा चूल गेली. कथानकाने एका उडीत वीस वर्षे ओलांडली, नायिका आजी झाली, पण तिच्या चेहऱ्यावर एक सुरकुती उमटली नाही. वर्षे कथेची गेली, बाईची गेली नाहीत.

मराठीनेही तोच जिना चढला. 'चार दिवस सासूचे' ही मालिका २००१ साली सुरू झाली आणि तीन हजारांहून अधिक भाग चालली. रोहिणीबाईंनी आशालता देशमुख या सासूला प्रतिष्ठा दिली, यात वाद नाही. १९९१ सालच्या 'माहेरची साडी'तल्या उषा नाडकर्णी यांच्या छळवादी सासूनंतर असा विवेकी चेहरा दिसणे हा दिलासाच होता. त्याआधी 'तू तू मैं मैं'मध्ये रीमा लागू यांनी सासूला विनोदाच्या मार्गाने माणसात आणले होते. पुढे 'होणार सून मी ह्या घरची'मध्ये एका सुनेला सहा सासवा मिळाल्या. 'आई कुठे काय करते!' या २०१९ ते २०२४ चाललेल्या मालिकेत अरुंधतीने, मुले हाताशी आल्यावर, फसवणाऱ्या नवऱ्याशी घटस्फोट घेतला, गाणे हाती धरले आणि दुसरा संसार मांडला. ख्रिस्ती विवाहाची आमची धारणा आमच्यापाशी आहे; पण अपमान गिळून बसणे म्हणजेच पातिव्रत्य, ही शिकवण त्या मालिकेने नाकारली, त्याबद्दल आम्ही तिला दोष देणार नाही.

या लाभांची किंमत आम्ही कमी करीत नाही. विधवेने पुन्हा लग्न करावे, हे धोंडो केशव कर्वे यांनी १८९३ साली स्वतः करून दाखवले. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाला मात्र २०२२ साली ग्रामसभेत ठराव करावा लागला, की नवरा गेल्यावर बाईचे कुंकू पुसू नये, बांगड्या फोडू नयेत. ज्या समाजात एकशे एकोणतीस वर्षांनीही असा ठराव करावा लागतो, तिथे जेवणाच्या वेळी घराघरात आसावरीचे लग्न दिसणे ही लहान गोष्ट नव्हे. परंतु आसावरीच्या वाट्याला नामांकित आचारी नवरा आणि नीटनेटका बंगला आला. हेरवाडच्या बाईला काय मिळाले, तिचे पुढे काय झाले, यावर मालिका नाही. का नाही?

हा प्रश्न आम्ही तेर या गावाच्या उंबरठ्यावर उभे राहून विचारतो. वसई-मुंबईच्या वाचकांसाठी सांगतो, की धाराशिव जिल्ह्यात तेरणा नदीच्या काठी हे गाव आहे. प्राचीन काळी 'तगर' म्हणून त्याची कीर्ती होती आणि रोमशी त्याचा व्यापार चाले. तिथे सापडलेली हस्तिदंती स्त्रीमूर्ती प्रसिद्ध आहे. इटलीतल्या पॉम्पेई येथे मिळालेल्या मूर्तीशी तिची तुलना होते. मूर्ती अर्थातच तरुण, अलंकृत स्त्रीची आहे. पण तेरची खरी ओळख म्हणजे संत गोरोबाकाका. संतांच्या मेळ्यात वयाने वडील म्हणून सारे त्यांना काका म्हणत. मुक्ताबाईंच्या सांगण्यावरून त्यांनी मडकी पारखायचे थापटणे हाती घेऊन एकेका संताचे डोके ठोकून पाहिले आणि नामदेवांना कच्चे मडके ठरवले, ही कथा महाराष्ट्राला पाठ आहे. पुरुषाचे वय म्हणजे पक्वता, असा तिचा अर्थ.

याच गोरोबांच्या पत्नीची कथाही आपल्याला ठाऊक आहे. भजनात देहभान हरपलेल्या नवऱ्याच्या पायांखाली तिचे तान्हे मूल चिखलात तुडवले गेले. तिचा आक्रोश लोकस्मृतीने जपला, मूल परत मिळाल्याचा तिचा आनंदही जपला. पण ती पुढे वयाने वाढली असेल, तिनेही आयुष्य तावून सुलाखून पाहिले असेल, तिच्याही हाताला पारख आली असेल, त्याविषयी ही कथा काही बोलत नाही. जगाने तिच्या पतीला काका म्हटले. तिला कोणी काकू म्हटल्याचे ऐकिवात नाही. १९७४ साली कन्नड 'भक्त कुंबार'मध्ये राजकुमार यांनी हीच कथा पडद्यावर नेली, तीही गोरोबांची म्हणूनच. दोष गोरोबांचा नव्हे. कथा सांगणाऱ्या समाजाच्या सवयीचा आहे. पडद्याने ती सवय नव्याने लावली नाही, तिच्यावर केवळ रंग चढवला.

आणि आज तेरच्या किंवा त्या पंचक्रोशीतल्या सत्तरी ओलांडलेल्या बाईकडे पाहा. १९७२च्या दुष्काळात ती विशीच्या आतबाहेर होती. दुष्काळी कामावर तिने खडी फोडली, मिलो आणि सुकडीवर दिवस काढले. १९९३च्या सप्टेंबरात किल्लारीचा भूकंप झाला, तेव्हा लातूर आणि या जिल्ह्यातली गावे उभ्या झोपेत ढिगाऱ्याखाली गेली. त्यानंतरच्या पुनर्वसनात घरे कशी बांधायची यावर गावाशी आणि सरकारशी बोलायला स्त्रियांचे गट पुढे आले, त्यांनी बांधकामावर देखरेख केली. २०१६ साली शेजारच्या लातूरला रेल्वेने पाणी आणावे लागले, तेव्हा तिने पुन्हा घागरींची रांग पाहिली. कर्जापायी शेतकऱ्याने जीव दिलेल्या घरांत मागे राहिलेली नातवंडे तिनेच उभी केली. एवढा इतिहास एका देहात साठलेला असताना दूरचित्रवाणीवरची आजी मात्र कोणत्या सालात जन्मली, हेसुद्धा तीन हजार भागांत कळत नाही. तिला दुष्काळ आठवत नाही, भाव आठवत नाही, रेशनची रांग आठवत नाही. तिला फक्त घराण्याची इज्जत आठवते. वय नाकारणे म्हणजे आयुष्य नाकारणे, असे आम्ही आरंभी म्हटले ते याच अर्थाने.

हे पडद्याला जमत नाही असे म्हणू नये. २००९ सालच्या 'गाभ्रीचा पाऊस' या सतीश मनवर यांच्या चित्रपटात विदर्भातले शेतकरी कुटुंब आहे. शेजाऱ्याने जीव दिलेला पाहून धास्तावलेली बायको आपल्या नवऱ्यावर डोळा ठेवायला मुलाला आणि सासूला सांगते. ज्योती सुभाष यांची ती सासू ना देवी आहे ना कैदाशीण. सून आणि सासू एकाच भीतीने एकमेकींशी बांधल्या गेल्या आहेत, आणि त्या भीतीतूनच विनोदही फुटतो. आपल्या पवित्र ग्रंथात रूथ आणि नामी या सुनासासूंची जोडी आहे. दुष्काळ, मरण आणि शेतात वेचलेले धान्य यांनी जोडलेली. ती जोडी आम्हांला या चित्रपटात पुन्हा भेटली. 'इंग्लिश विंग्लिश'मध्ये सुलभा देशपांडे यांची सासूही अशीच सुनेच्या पाठीशी उभी राहते. बाहेरच्या जगात २०२० सालच्या 'नोमॅडलँड'ने साठी ओलांडलेल्या, हंगामी मजुरी करीत गाडीत राहणाऱ्या स्त्रीला केंद्रस्थानी ठेवले आणि तिच्या सुरकुत्या झाकल्या नाहीत. म्हणजे अडचण कलेची नाही, हेतूची आहे.

हेतू कोणता, हेही स्पष्ट बोलले पाहिजे. मालिकांचा जन्मच मुळी जाहिरातीच्या पोटी झाला. अमेरिकेत नभोवाणीवरच्या अशा कथांना साबणाच्या कंपन्या पैसा पुरवीत, म्हणून त्यांना 'सोप' हे नाव पडले. पाहणारी स्त्री ही गिऱ्हाईक आहे, एवढ्याच नात्याने तिचा विचार होतो. सहलीला जाणारी, दागिने घेणारी, केस रंगवणारी साठीतली स्त्री जाहिरातदाराला परवडते. खडी फोडलेली बाई परवडत नाही. वयस्क स्त्रीला पडद्यावर बोलावले गेले ते तिची कदर वाढली म्हणून की तिच्या पिशवीत पैसा आला म्हणून, हे टाळ्या वाजवण्यापूर्वी विचारले पाहिजे. 'बाईपण भारी देवा'तल्या बहिणींना आम्ही कमी लेखत नाही. त्यांच्या हसण्यात अनेक घरांतल्या स्त्रियांना मोकळा श्वास मिळाला. पण पुन्हा तरुण होता आले, एवढाच जर म्हातारपणाचा गौरव असेल, तर तो गौरव तारुण्याचाच झाला.

दिवसभर राबून आलेल्या माणसाला घटकाभर करमणूक हवी असते, त्याला दुष्काळ कशाला दाखवता, असाही आक्षेप येईल. आमचे उत्तर असे, की करमणुकीला आमचा विरोध नाही. मिसेस डिसा करमणूकच करीत होत्या. 'हम लोग'च्या दादीलाही लोकांनी व्याख्यान म्हणून जगवले नाही. खरे माणूस कंटाळवाणे असते, ही समजूत ज्यांना खऱ्या माणसांशी बोलायला वेळ नाही त्यांनीच पसरवली आहे.

आता थोडे आपल्या अंगणात. नाताळच्या आणि सणाच्या दिवशी आपल्या सभागृहांत नाटुकली होतात. त्यांत म्हातारी हमखास असते. आणि ती हमखास एखादा मुलगा लुगडे गुंडाळून, पाठीला उशी बांधून, काठी आपटीत करतो. सभागृह खदखदा हसते. पहिल्या रांगेत खऱ्या आज्या बसलेल्या असतात. त्याही हसतात, कारण न हसून काय करणार? वाहिन्यांवर दगड फेकणाऱ्या आपल्या मंडळींनी हे दृश्य डोळ्यांपुढे आणावे. ज्या मंदिरात चौऱ्यांशी वर्षांची विधवा हन्ना उभी राहून बालयेशूविषयी साऱ्यांना सांगत होती, त्याची परंपरा सांगणाऱ्या समाजाने आपल्या हन्नाला वेदीवरच्या फुलांपुरती आणि सभागृहातल्या थट्टेपुरती ठेवावी, हे शोभत नाही.

म्हणून आमच्या मागण्या साध्या आहेत. आपल्या नाट्यमंडळांनी पुढच्या सणाला म्हातारीची भूमिका म्हातारीलाच द्यावी, आणि ती लिहिण्यापूर्वी धर्मग्रामातल्या चार आज्यांपाशी वही घेऊन बसावे. घरातल्यांनी संध्याकाळी आजीला मालिकेपुढे एकटी सोडून आपापल्या मोबाईलमध्ये मान घालू नये. तिच्याजवळ बसावे आणि ही बाई तुला खरी वाटते का, असे तिलाच विचारावे. तिच्या उत्तरात कोणत्याही समीक्षेहून अधिक समीक्षा असेल. आमच्या तरुण लेखकांनी, ज्यांतले काही आता वाहिन्यांसाठी लिहू लागले आहेत, आजीच्या पात्राला जन्मसाल द्यावे, कामधंदा द्यावा, एखादे कर्ज द्यावे, एखादी चूकही द्यावी. देव्हाऱ्यात बसवू नये आणि जिन्यावर उभी करू नये.

गोरोबाकाकांचे थापटणे मुलीच्या एका प्रश्नावरून उचलले गेले होते, हे विसरू नये. पडद्यावरच्या प्रत्येक आईला, सासूला आणि आजीला आता प्रेक्षकांनी ते लावून पाहावे. भट्टीतून निघालेले मडके कोणते आणि वरून रंगवलेले कोणते, ते आवाजावरून कळते. ज्यांनी उभा जन्म मडक्यात पाणी भरले, त्या आपल्या आज्यांना तर ते सर्वांआधी कळते. त्यांना विचारण्याचीच काय ती खोटी आहे.